सतरा नंबरचा शब्द

श्रीरामपुरात मालधक्क्याच्या मागे माझं गोडाऊन आहे. घरातलं जुनं सामान घेतो आणि विकतो. सुरुवात हातगाडीवर रद्दी गोळा करण्यापासून केली, आज दारात दोन टेम्पो उभे असतात, आणि यात कोणाची मेहेरबानी नाही. मी घासाघीस करतो, आवाज चढवतो, भाव पटला नाही तर उठून चालू लागतो. फाटकापर्यंत पोचायच्या आत मागून हाक येतेच.

आयुष्यात एकाच माणसाने मला बुडवलं असं मी चाळीस वर्षं धरून चाललो होतो. ते म्हणजे आमचे इंग्रजीचे सर.

आमची शाळा शहराबाहेर, पाटाच्या पलीकडे होती. आठवीच्या वर्गात आम्ही एकतीस जण. सरांची एक पद्धत होती. जूनमध्ये पहिल्या तासाला ते उशीएवढा जाड शब्दकोश घेऊन यायचे आणि हजेरीच्या क्रमाने प्रत्येकाला एक इंग्रजी शब्द द्यायचे. साधा नाही. अख्ख्या तालुक्यात दुसऱ्या कोणाच्या तोंडी नसेल असा. वर्षभर हजेरीला 'हजर सर' म्हणायचं नाही, आपला शब्द म्हणायचा. शब्द नीट आला तर हजेरी लागली. नाही आला तर परत म्हणायचा, जमेपर्यंत. सर टेबलावर डस्टर आपटून वजन कुठे द्यायचं ते दाखवायचे.

त्यातले बरेच अजून पाठ आहेत. चार नंबरला नॉक्टिव्हगंट होता. 'टि'वर जोर, अर्थ रात्री भटकणारा. नऊ नंबरच्या जाड्या पोराला बोर्बोरिग्मस. 'रिग'वर जोर, म्हणजे पोटात गुरगुर होते तो आवाज. तो शब्द म्हणताच वर्ग हसायचा आणि तोही हसायचा. सोळा नंबरच्या मुलीला सुसुरस मिळाला, मधल्या 'सु'वर जोर, पानांची किंवा कुजबुजीची सळसळ. ती तो इतक्या हळू म्हणायची की सर डोळे मिटून ऐकायचे. आणि बावीस नंबरला गोंगूझलर. कालव्याच्या काठावर उभं राहून येणाऱ्या-जाणाऱ्या नावा नुसत्या बघत बसणारा माणूस. आम्ही म्हणालो, सर, आपल्या पाटात नावा कुठं हाईत? सर म्हणाले, मग पाणी बघा.

माझा नंबर सतरा. माझा शब्द वर्गात सगळ्यात लांब होता. ॲब्स्क्वॉच्युलेट. दुसऱ्या तुकड्यावर जोर. अर्थ, कोणाला न सांगता, मागे खूण न ठेवता निघून जाणं.

अर्थाचं मला काही नव्हतं. मला त्याची लांबी आवडली. बाप मालधक्क्यावर हमाल होता, घरात माझी स्वतःची म्हणावी अशी वस्तू नव्हती. पाटाच्या कडेने शाळेत जाताना मी तो शब्द मोठ्याने म्हणायचो. चार दिवसांत असा बसला की सर म्हणाले, इंग्लंडातला माणूससुद्धा दोनदा अडखळेल, हा नाही अडखळत.

शेजारी अठरा नंबर बसायचा. बागायतदाराचा मुलगा, डावखुरा, नवी सायकल. त्याला मिळाला होता हिग्लर. एवढासाच. आणि अर्थ काय, तर दारोदार फिरून घासाघीस करत किरकोळ माल घेणारा-विकणारा. त्याच्या घरी तसली माणसं ओट्याखाली उभी करत. त्याला तो शब्द म्हणताना लाज वाटायची. आठवडाभर तो माझ्या मागे लागला होता.

"दे की लेका तुझा. तुला काय करायचाय एवढा लांब?"

मी सांगितलं, फुकट न्हाई.

शेवटी सौदा त्याच्या कंपासपेटीवर तुटला. पितळी कर्कटक, कोनमापक, गुण्या, सगळं आत, झाकणावर जहाजाचं चित्र. मी पेटी घेतली, तो माझा शब्द घेऊन गेला. दुसऱ्या दिवशी हजेरीला त्याने माझा शब्द म्हटला, मी त्याचा. सरांनी चष्म्यावरून एकदा पाहिलं आणि दोघांची हजेरी लावली.

आठ दिवसांत मला पस्तावा झाला. त्याला तो शब्द नीट येत नव्हता, पहिल्याच तुकड्यावर जोर देऊन तो त्याचा भुगा करायचा, आणि मला शेजारी बसून ऐकावं लागायचं. मी परत मागितला. तो देईना. मी सरांकडे गेलो.

सरांनी भर वर्गात विचारलं, "पेटी घेतलीस?"

"व्हय सर."

"मग ती परत दे."

इथे माझी अडचण झाली. कर्कटक मी दहावीतल्या एकाला देऊन त्याच्याकडून चाकू घेतला होता. कोनमापक गोट्यांवर गेला होता. पेटीत फक्त गुण्या उरला होता. सरांनी झाकण उघडून सगळ्या वर्गाला दाखवलं. मग त्यांची शब्दांची वही काढली, लाल शाईने सतरा आणि अठरामध्ये दोन बाण ओढले आणि म्हणाले, सौदा झाला. आता तो शब्द त्याचा, आणि त्याचा तुझा. तुला शोभतोही.

वर्ग हसला. मी रिकामी पेटी उचलून अठरा नंबरच्या तोंडावर मारली. त्याची भुवई फुटली. सरांनी मला बाहेर काढलं, आणि मी जो बाहेर पडलो तो परत गेलोच नाही. घरी कोणी आग्रह केला नाही. दिवाळीनंतर मी हातगाडी धरली.

पुढे एका वकिलाचं कपाट घेताना मी त्याला सहज विचारलं होतं. तो म्हणाला, तेरा वर्षांच्या मुलाने केलेला करार कायद्याने करारच नसतो. हे वाक्य मी जपून ठेवलं. सर कधी भेटले तर त्यांच्या तोंडावर मारायला.

आता जे सांगायचं ते मला टाळता आलं असतं तर टाळलं असतं. त्याच हिवाळ्यात, पाटाला पाणी सुटलेलं असताना, अठरा नंबर घरातून शाळेला निघाला आणि पोचला नाही. सायकल पाटाच्या पुलावर स्टँडवर उभी होती, कुलूप लावलेली. दप्तर नाही, चप्पल नाही, किल्ली नाही. घरात भांडण झालेलं नव्हतं, परीक्षा नव्हती. पाणी बंद करून पाट कोरडा केला, दोन दिवस माणसं तळ चाचपत होती. अख्खं गाव काठावर उभं राहून बघत होतं. मीही हातगाडी कडेला लावून त्यात उभा होतो, आणि माझ्या डोक्यात बावीस नंबरचा शब्द घुमत होता. थांबवावा म्हटलं तरी थांबेना. काही सापडलं नाही. त्याचा बाप नाशिक, सुरत, मुंबई फिरून आला. खूण म्हणून राहिली नाही.

बाकीच्यांचं मी मनाशी तपासून पाहिलंय. चार नंबर साखर कारखान्यावर रात्रपाळीचा वॉचमन झाला. नऊ नंबरची खानावळ आहे. मी अठ्ठाविसावं वर्ष लागायच्या आत दारोदार घासाघीस करणारा म्हणून तीन तालुक्यांत ओळखीचा झालो. पण एकतिसात चार जुळले म्हणजे काहीच जुळलं नाही, सत्तावीस जण शब्दाशी काही घेणं-देणं नसलेलं आयुष्य जगतायत. असं मी स्वतःला समजावतो. मी नीट मोजणारा माणूस आहे.

आठ-दहा वर्षांनी त्या मुलाच्या बापाने वस्तीवरचं लोखंड काढलं. मला बोलावणं आलं. लोखंडात ती सायकल होती. कुलूप तसंच, गंजून घट्ट. मला त्या माणसाने ओळखलं नाही. आणि मी काय केलं, तर सवयीने म्हणालो, टायर गेलेत, हिला काय येणार? तो म्हणाला, न्या तशीच. ती सायकल मी विकली नाही, मोडीत घातली नाही. गोडाऊनच्या मागच्या भिंतीला टेकवून ठेवली आहे. बायको विचारते तेव्हा मी ओरडतो.

यंदा उन्हाळ्याच्या तोंडाला एका बाईंचा फोन आला. वडील आता एकटे राहू शकत नाहीत, त्यांना नाशिकला आपल्या घरी नेते आहे, घर रिकामं करायचंय. पत्ता ऐकला आणि मी उभा राहिलो. ते सरांचं घर होतं. चर्चमागच्या गल्लीतलं, कौलारू, पुढे तुळईवर चढवलेली मधुमालती.

सकाळी साडेदहाला पोचलो. सरांची मुलगी माझ्याच वयाची, केस पिकलेले, बोलायला सरळ. मी कोण हे तिला माहीत नव्हतं, मीही सांगितलं नाही. दोन कपाटं, सागवानी टेबल, शिवणयंत्र, पितळेचा बंब. मी बंबाला पोचा दाखवला, कपाटाला वाळवी दाखवली, जी नव्हती. ती म्हणाली, दादा, तुम्ही जरा थांबा, अकरा वाजतायत, पप्पांची हजेरी असते. तेवढा वेळ घरात कोणी बोलायचं नाही.

मला कळलं नाही. मी पुढच्या खोलीच्या दारात उभा राहिलो.

सर टेबलाशी बसले होते. ऐंशीच्या पुढचे, गालफडं बसलेली, शर्टाची वरची गुंडी लावलेली. समोर तीच वही, पाठीला खाकी कागद. खोलीत दुसरं कोणी नव्हतं. त्यांनी टोपण काढलं आणि म्हणाले, "एक."

मग त्यांनीच उत्तर दिलं. पण आवाज त्यांचा नव्हता. म्हणजे घसा त्यांचाच, पण बोलायची ढब एक नंबरच्या पोराची होती, नाकातली, शेवट ओढणारी. टिक केली. दोन. तीन. चार नंबरचं नॉक्टिव्हगंट त्यांनी तसंच घाईत म्हटलं जसं तो घाईत म्हणायचा. नऊला गुरगुरून हसले. सोळाला ओठ जेमतेम हलले, सुसुरस, आणि माझ्या अंगावर काटा आला, कारण ती बाई जाऊन सहा वर्षं झालीत.

"सतरा."

"हिग्लर," ते म्हणाले. माझा फुटू लागलेला तेव्हाचा आवाज, आणि त्यातला राग सुद्धा. मला वाटलं, आत जाऊन वही ओढून घ्यावी.

"अठरा."

इथे त्यांनी काहीच म्हटलं नाही. मान जरा डावीकडे कलवली. भिंतीवरच्या घड्याळाचे ठोके मला ऐकू येत होते. मग समाधान झाल्यासारखी मान हलवून त्यांनी टिक केली. "एकोणीस."

हजेरी संपल्यावर मी मुलीला स्वयंपाकघरात गाठलं. हे रोज करतात का? ती म्हणाली, रोज. माझं नाव विसरलेत, जेवले की नाही ते विसरतात, हे नाही चुकत.

"आणि अठराला का थांबले?"

ती कपात चहा गाळत होती. "मी पण विचारलं होतं," ती म्हणाली. "तर म्हणाले, बाकीचे येत नाहीत म्हणून मला बोलावं लागतं. तो येतो."

मी म्हणालो, ताई, सामान मी सगळं घेतो, ती वही पण द्या. ती नाही म्हणाली. मी भाव वाढवला, कपाटाची काढलेली खोट मागे घेतली, उठून फाटकापर्यंत गेलो. मागून हाक आली नाही.

संध्याकाळी गोडाऊनमध्ये मी सायकलीसमोर खुर्ची टाकून बसलो. विचार करून ठरवलं. वही नको. वहीतले ते दोन लाल बाण खोडायचे. सरांना मी कोण ते कळलं तर बरं, नाही कळलं तरी हजेरीला सतरा म्हटल्यावर मी माझा मूळचा शब्द म्हणणार, त्यांच्या वहीत तो माझ्यापुढे टिक होणार. त्यांनी अडवलं तर वकिलाचं वाक्य तयार होतं. इतकी वर्षं मी तो रोज म्हणत आलो होतो, दाढी करताना, टेम्पोत. जिभेला सवय होती.

दुसऱ्या दिवशी, वहीशिवायचं सामान न्यायला, टेम्पो घेऊन गेलो. अकराला पाच कमी असताना मुलीला म्हणालो, मी आत बसलो तर चालेल का? तिने खांदे उडवले. मी सरांच्या समोर भिंतीकडच्या बाकड्यावर बसलो. बाकडं तिघांचं होतं. मी अगदी कडेला, डाव्या हाताला बसलो, आणि बसल्यावर लक्षात आलं की वर्गात मी असाच बसायचो, उजवीकडे जागा ठेवून.

सरांनी माझ्याकडे पाहिलंही नाही. एक. दोन. प्रत्येकाचा आवाज. मी मनात शब्द घोळवत होतो. पंधरा. सोळा.

"सतरा."

या वेळी ते स्वतः बोलले नाहीत. मान वर करून माझ्याकडे बघत होते, आणि ती नजर विसरलेल्या माणसाची नव्हती.

"तुझा शब्द परत न्यायला आलास ना?"

"आलो सर," मी म्हणालो. बोलून गेलो. चाळीस वर्षं हेच उत्तर तोंडात होतं.

"बरं झालं," सर म्हणाले. "तो केव्हाचा परत द्यायला उभा आहे."

त्यांनी वही फिरवून माझ्याकडे सरकवली आणि पेन वर ठेवलं. "ते बाण खोड. तुझ्यापुढे तुझा लिही. मग त्याला बसता येईल."

मी उठून टेबलापाशी गेलो. पेन हातात घेतलं. पान पिवळं पडलेलं, शाई मात्र लाल ती लालच. शब्द, त्याच्या फोडी, जोराची खूण, आणि पुढे सरांच्या बारीक अक्षरात अर्थ. कोणाला न सांगता, मागे खूण न ठेवता निघून जाणे. तेराव्या वर्षी मी हे वाक्य वाचलं होतं की नाही मला आठवत नाही. आता वाचलं. बाहेर माझ्या टेम्पोच्या ड्रायव्हरने हॉर्न दिला. घरी बायको जेवायला थांबणार होती. मुलाच्या लग्नाची बोलणी चालू होती. मला एकाएकी घरी फोन करून सांगावंसं वाटलं की मी कुठे आहे. सकाळी निघताना मी कोणालाच सांगितलं नव्हतं.

माझ्या मागे बाकडं करकरलं. लाकूड जुनं होतं, मी उठल्याने करकरलं असेल. मी वळून बघितलं नाही.

मी पेन खाली ठेवलं.

"नको सर."

"नको?"

"सौदा झाला तो."

सरांनी माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. दुकानात एखादी वस्तू उलटीपालटी करून जागेवर ठेवावी तसं. "बघ हं," ते म्हणाले. "पुन्हा तक्रार घेऊन यायचं नाही."

"न्हाई येणार."

"मग बोल."

"हिग्लर," मी म्हणालो. पहिल्या तुकड्यावर जोर, बरोबर. त्यांनी टिक केली.

"अठरा."

सरांनी मान कलवली. मी टेबलाची कड धरून उभा होतो, नजर वहीवर. आदल्या दिवशीपेक्षा फार वेळ गेला. मग सरांनी माझ्या खांद्यावरून पलीकडे, उघड्या दाराकडे पाहिलं आणि मुलीशी बोलावं इतक्या मऊ आवाजात म्हणाले, "जा, बाळ."

चौकोन कोरा ठेवून ते म्हणाले, "एकोणीस."

स्वयंपाकघराच्या दारात त्यांची मुलगी उभी होती. तिने ते पाहिलं होतं. नंतर सामान चढवताना ती मला म्हणाली, आज पहिल्यांदाच त्यांनी त्याला टिक नाही केली, तुमचं काय बोलणं झालं? मी म्हणालो, काही नाही, जुनी ओळख. तिने पहिल्यांदा सांगितलेला भाव मी तसाच देऊन टाकला. ड्रायव्हर माझ्याकडे बघत राहिला.

येताना पाटाच्या पुलावरून यावं लागतं. पाणी सुटलेलं होतं. ड्रायव्हरला म्हणालो, थांबू नको.

सर नाशिकला गेले, अजून आहेत. मुलगी एकदा फोनवर म्हणाली की हजेरी चालूच असते, पण आता अठराचा आकडा ते घेत नाहीत, सतरावरून थेट एकोणीसला जातात. आणि सतराला ते स्वतः बोलत नाहीत. मान कलवून ऐकतात आणि टिक करतात.

मी रोज अकराला वजनाचा काटा थांबवतो आणि एकदा हिग्लर म्हणतो. का ते गोडाऊनमध्ये कोणाला सांगितलेलं नाही. सायकल मागच्या भिंतीलाच आहे. सर चुकले होते असं मी अजूनही म्हणतो, पोराचा करार तो करारच नव्हता. पण खोडायला पेन हातात दिलं होतं, तेव्हा मी तेरा वर्षांचा नव्हतो.

आणि तो शब्द आता जिभेवर येत नाही. दाढी करताना तोंड उघडतो, पहिल्या तुकड्याशीच गाडी अडते. वर एकदा लिहिलाय तेवढाच. पुन्हा लिहिणार नाही.